तात्पुरता मनाई हुकूम : पहिले तीस दिवस जागे राहा

(मंडळाच्या नवागाम येथील सभेत कायदा समितीच्या वतीने झालेल्या भाषणाचा मजकूर)



मंडळाने आज आम्हाला बोलण्यासाठी जो विषय दिला आहे तो ऐकायला रुक्ष आहे. शेजाऱ्याशी हद्दीचा वाद झाला, कोर्टाने तात्पुरता हुकूम दिला, तर तो वरच्या कोर्टात कसा तपासला जातो, हा तो विषय. पण समितीकडे लोक जी कागदपत्रे घेऊन येतात, त्यात कामाच्या थकलेल्या पगाराखालोखाल सर्वात जास्त कागद याच प्रकारचे असतात. कोणाची भिंत हातभर पुढे आली, कोणाचा जिना गल्लीत उतरला, कोणाच्या ओट्यावरून भांडण झाले, तर कोणाचा गावाकडचा बांध भाऊबंदाने नांगरून काढला. आणि प्रत्येकाचे पहिले वाक्य एकच असते : "साहेब, त्याने स्टे आणला."

हे वाक्य म्हणताना आपल्या माणसाचा चेहरा असा असतो की जणू सगळे संपले. तेवढ्यासाठीच आज आम्ही उभे आहोत. स्टे म्हणजे निकाल नव्हे. परंतु स्टेकडे दुर्लक्ष केले तर तोच निकाल होऊन बसतो. या दोन वाक्यांच्या मधे जी जागा आहे, तिथेच आपला हक्क वाचतो किंवा जातो.

आपला भाग कसा वसला ते आधी लक्षात घेऊ. जळगाव, धुळे, नंदुरबारकडून आपली माणसे लूमवर, मिलमध्ये, मार्केटमध्ये कामाला आली. शेतजमिनीवर सोसायट्या पडल्या, त्यात छोटे छोटे प्लॉट घेतले. आपल्यापैकी अनेकांकडे रजिस्टर दस्तऐवज नाही. साठेखत आहे, कब्जा रसीद आहे, नोटरीचे लिखाण आहे. सातबारा अजून मूळ शेतमालकाच्या नावाचा. प्लॉटच्या चतु:सीमा लिहिल्या आहेत त्या अशा : पूर्वेस रस्ता, पश्चिमेस अमक्याचे घर. किती फूट, कुठून कुठे, याचा मोजणी नकाशा नाही. त्यावर पुढे टी. पी. स्कीम आली तर मूळ खंड आणि अंतिम खंड यांच्या हद्दीच बदलतात. अशा ठिकाणी दोन शेजाऱ्यांत वाद होणे यात नवल नाही, न होणे हेच नवल.

आता वाद कोर्टात गेला की काय होते?

दावा दाखल होतो तेव्हा त्यासोबत एक अर्ज असतो. दाव्याचा निकाल लागेपर्यंत समोरच्याला बांधकाम करण्यापासून, कब्जात अडथळा आणण्यापासून थांबवा, असा तो अर्ज. महाराष्ट्रात त्याला 'निशाणी पाच' म्हणतात आणि गुजरातच्या कोर्टात 'आंक पाच'. कोर्टाच्या कागदांत या अर्जाला पाचवा क्रमांक देण्याची जुनी मुंबई इलाख्याची पद्धत दोन्हीकडे चालत आली आहे. म्हणून अमळनेरच्या कोर्टातला माणूस आणि सुरतच्या अठवा लाइन्सच्या कोर्टातला माणूस याबाबत एकच भाषा बोलतात : "पाचचे काय झाले?"

हा अर्ज दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश ३९ खाली चालतो. कोर्ट तीन गोष्टी पाहते. पहिली, अर्जदाराची बाजू प्रथमदर्शनी खरी दिसते काय. दुसरी, हुकूम दिला तर कोणाची गैरसोय जास्त आणि न दिला तर कोणाची जास्त. तिसरी, हुकूम न दिल्यास पैशाने भरून न येणारे नुकसान होईल काय. सर्वोच्च न्यायालयाने १९९१ साली दलपत कुमार प्रकरणात या तिन्ही कसोट्या नीट उलगडून सांगितल्या. तिन्ही लागतात, एक असून भागत नाही. लक्षात घ्या, इथे साक्षीपुरावा झालेला नसतो. कोर्टासमोर असतात ते फक्त कागद आणि सोगंदनामे. म्हणजे ज्याचे कागद चोख, त्याची बाजू पहिल्या दिवशी खरी दिसते.

हद्दीच्या वादात हा तात्पुरता हुकूम इतका महत्त्वाचा का? पैशाच्या दाव्यात रक्कम उशिरा मिळाली तरी व्याजासह मिळते. हद्दीच्या वादात जो आधी भिंत घालतो तो भिंतीमागे बसतो. दावा वर्षानुवर्षे चालतो. तोपर्यंत त्या दोन फुटांवर स्लॅब पडतो, वर भाडेकरू राहतो, कधी तिसऱ्यालाच विक्री होते. उलट बाजूनेही तसेच. आपले बांधकाम जोत्यापर्यंत आले आणि खोट्या सोगंदनाम्यावर स्टे आला, तर सळया गंजतात, सिमेंट वाया जाते, घरभाडे चालू राहते आणि शेवटी माणूस वैतागून शेजारी म्हणेल त्या किमतीला तडजोड करतो. दाव्याचा निकाल कधी लागलाच नाही, तरी वाद संपला! म्हणून आम्ही म्हणतो, अंतिम निकालाची वाट पाहणाऱ्याने आधी निशाणी पाच सांभाळावी.

आता सर्वात धोक्याचा प्रकार : एकतर्फी मनाई. म्हणजे आपल्याला न ऐकता दिलेला हुकूम.

कायदा सांगतो की आधी समोरच्याला नोटीस द्यायची, मगच मनाई द्यायची. नोटीस देण्यात वेळ गेला तर हुकुमाचा उपयोगच राहणार नाही, असे असेल तरच अपवाद. तोही फुकट नाही. आदेश ३९ नियम ३ प्रमाणे कोर्टाने कारणे लिहिली पाहिजेत. १९९३ साली शिव कुमार चढ्ढा प्रकरणात, जे दिल्लीतील अनधिकृत बांधकामांबाबत होते, सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की ही कारणे लिहिणे म्हणजे उपचार नव्हे, ते बंधनकारक आहे. दुसरे, ज्याने हुकूम मिळवला त्याने अर्ज, दावा, सोगंदनामा आणि कागदपत्रांच्या प्रती लगेच आपल्याला दिल्या किंवा रजिस्टर पोस्टाने पाठवल्या पाहिजेत आणि तसे केल्याचा सोगंदनामा त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी कोर्टात दिला पाहिजे. तिसरे, नियम ३-अ प्रमाणे कोर्टाने तो अर्ज तीस दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करायचा आहे. जमले नाही तर का जमले नाही हे लिहायचे आहे. हा नियम १९७६ च्या दुरुस्तीने आला.

बेलीफ दारात येतो तेव्हा आपली माणसे काय करतात? काही जण कागद घ्यायलाच नकार देतात. काही जण घेतात आणि देव्हाऱ्यात ठेवतात. काही जण म्हणतात, तारखेला पाहू, आणि तारखेला लूमवर पाळी असते म्हणून जात नाहीत. मग तीस दिवस जातात, साठ जातात, एकतर्फी हुकूम पुढच्या तारखेपर्यंत, पुन्हा पुढच्या तारखेपर्यंत असा लांबत जातो. कागद नाकारल्याने हुकूम रद्द होत नाही. म्हणून आमचे पहिले सांगणे : कागद घ्या, त्यावर तारीख टाका आणि त्याच आठवड्यात वकिलाकडे जा.

आता पायऱ्या समजून घेऊ. वरच्या कोर्टात जाण्याआधी एक पायरी त्याच कोर्टात आहे.

पहिली पायरी, नियम ४. ज्या कोर्टाने हुकूम दिला त्याच कोर्टात तो उठवण्यासाठी, बदलण्यासाठी अर्ज करता येतो. आणि या नियमात एक मोठे शस्त्र आहे. समोरच्याने महत्त्वाच्या बाबतीत जाणूनबुजून खोटे किंवा दिशाभूल करणारे विधान करून, आपल्याला नोटीस न देता हुकूम मिळवला असेल, तर कोर्टाने तो उठवावा असे कायदा म्हणतो. न उठवायचा असेल तर त्याची कारणे कोर्टाला लिहावी लागतात. समजा, शेजाऱ्याने लिहिले की मधली जागा मोकळी आहे, आणि तुमच्याकडे त्याच जागेवरच्या तुमच्या भिंतीच्या घरपट्टीची, लाइट बिलाची, फोटोची नोंद आहे. तर हा मुद्दा पहिल्याच तारखेला मांडा. दोन्ही बाजू ऐकून हुकूम झाल्यावर मात्र नियम ४ चे दार अरुंद होते. मग परिस्थिती बदलली किंवा हुकुमामुळे फार मोठी अडचण होते, हे दाखवावे लागते.

दुसरी पायरी, अपील. आदेश ४३ नियम १ मधील 'आर' या पोटकलमाखाली मनाई दिली, नाकारली, उठवली किंवा उठवण्यास नकार दिला, तर अपील होते. जिल्हा कोर्टात अपिलाची मुदत तीस दिवसांची. दाव्याची किंमत मोठी असल्यास अपील थेट हायकोर्टात जाते. तिथे मुदत नव्वद दिवसांची. एकतर्फी हुकुमाविरुद्धही अपील चालते. २००० साली वेंकटसुब्बय्या नायडू प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेही सांगितले की खालचे कोर्ट तीस दिवसांत अर्ज निकाली काढत नसेल, तर एकतर्फी हुकुमाने बांधल्या गेलेल्या माणसाला अपिलात जाण्याचा हक्क आहे. "अर्ज पेंडिंग आहे, थांबा" एवढेच ऐकून बसण्याची गरज नाही.

पण अपिलात काय तपासले जाते? इथे आपल्या लोकांचा मोठा गैरसमज आहे. त्यांना वाटते, खाली हरलो तर वर नवा डाव. तसे नाही. १९९० साली वाँडर विरुद्ध अँटॉक्स या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने नियम घालून दिला. वाद औषधाच्या नावाचा होता, पण नियम आजही हद्दीच्या प्रत्येक वादात वाचला जातो. तात्पुरता हुकूम देणे न देणे हा खालच्या कोर्टाच्या विवेकाचा भाग आहे. अपिलातील न्यायाधीशाला स्वतःला वेगळे वाटले असते, एवढ्यावर तो हुकूम फिरवणार नाही. खालच्या कोर्टाने मनमानी केली, विसंगत निष्कर्ष काढला किंवा ठरलेली तत्त्वे डावलली, असे दाखवले तरच वरचे कोर्ट हात घालते. याचा अर्थ सरळ आहे. जो कागद खाली दाखवला नाही, त्याच्या बळावर वर जिंकू, या भरवशावर राहू नका. पाया खालीच घातला पाहिजे.

अपिलाचा निर्णय विरुद्ध गेला तर दुसरे अपील नाही. संहितेच्या कलम १०४ ने ते बंद केले आहे.

तिसरी पायरी, हायकोर्ट. पूर्वी लोक बारीकसारीक हुकुमांविरुद्ध कलम ११५ खाली रिव्हिजन घेऊन हायकोर्टात जात. त्यात मूळ दावा वर्षानुवर्षे अडकून पडे. १ जुलै २००२ पासून हे दार बरेचसे बंद झाले. पुढच्याच वर्षी, २००३ मध्ये, नागपूरच्या शिवशक्ती सहकारी गृहनिर्माण संस्थेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सोपी कसोटी दिली : रिव्हिजन मागणाऱ्याच्या बाजूने तो हुकूम झाला असता तर दावा तिथेच संपला असता काय? संपला असता, तर रिव्हिजन चालेल. नसता, तर चालणार नाही. मनाईच्या हुकुमाने दावा संपत नाही. म्हणून निशाणी पाचच्या हुकुमावर रिव्हिजनचा मार्ग आता नाही.

मग हायकोर्ट पूर्ण बंद काय? नाही. त्याच २००३ साली सूर्य देव राय प्रकरण झाले. वाद शेतजमिनीचाच होता. खालच्या कोर्टाने मनाई नाकारली, अपिलातही नाकारली. सर्वोच्च न्यायालय म्हणाले, रिव्हिजन गेले तरी राज्यघटनेने हायकोर्टाला दिलेली सत्ता गेलेली नाही. पुढे २०१५ मध्ये राधे श्याम प्रकरणात तीन न्यायाधीशांनी त्यातला एक भाग दुरुस्त केला : दिवाणी कोर्टाच्या हुकुमाविरुद्ध कलम २२६ चा रिट चालणार नाही, कलम २२७ खालची देखरेखीची सत्ता मात्र आहे. म्हणून आज सुरतचा माणूस अहमदाबादला जातो आणि खानदेशातला माणूस औरंगाबाद खंडपीठात जातो तो कलम २२७ खाली. ही सत्ता अपवाद म्हणून वापरायची आहे. खालच्या कोर्टाने अधिकाराची मर्यादा ओलांडली, किंवा अधिकार असून वापरलाच नाही, आणि त्यातून उघड अन्याय झाला, तर हायकोर्ट लक्ष घालते. पुरावा पुन्हा तोलायला ते बसत नाही.

बंधू-भगिनींनो, तीन पायऱ्या सांगितल्या. वर जावे तसे दार अरुंद, खर्च मोठा आणि भाषा इंग्रजी. सुरतच्या कोर्टात कारभार गुजरातीत चालतो, ती आपल्याला समजते. हायकोर्टात प्रत्येक गुजराती आणि मराठी कागदाचे भाषांतर करावे लागते. गाडीभाडे, वकील, एका दिवसाची मजुरी हे वेगळेच. म्हणून आमचे मुख्य सांगणे हेच की आपली लढाई पहिल्या तीस दिवसांत आणि पहिल्याच कोर्टात आहे.

या लढाईचे साहित्य काय? मोजणी.

हद्दीचा वाद साक्षीदारांच्या तोंडी सुटत नाही. संहितेच्या आदेश २६ नियम ९ खाली कोर्ट कमिशनर नेमता येतो. तो जागेवर जातो, मोजतो, नकाशा काढतो, अहवाल देतो. २००८ साली हरियाणा वक्फ बोर्ड विरुद्ध शांती सरूप या प्रकरणात वाद होता तो सीमा कोणती एवढाच. सर्वोच्च न्यायालय म्हणाले, अशा वादात कमिशनर नेमून जागेची मोजणी करून घ्यायला हवी होती. हा निकाल आपल्या वकिलाला सांगा. निशाणी पाचच्या सुनावणीआधीच कमिशनरचा अर्ज द्या. जमल्यास सिटी सर्व्हे किंवा जमीन मोजणी खात्याचा अधिकृत माणूस मागा. साध्या पंचनाम्यात "भिंत दिसली" एवढे येते. मोजणीत ती कोणाच्या हद्दीत आहे ते येते.

'जैसे थे' हुकुमाबद्दलही सावध राहा. ऐकायला तो निरुपद्रवी वाटतो. पण जैसे म्हणजे कसे? एक म्हणतो भिंत माझी, तसेच ठेवा. दुसरा म्हणतो कब्जा माझा, तसेच ठेवा. मग पोलीस चौकीत दोघेही तोच कागद दाखवतात! २००६ साली किशोर कुमार खेतान प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अशा हुकुमावर टीका केली होती की काय जैसे थे ठेवायचे ते न ठरवताच तो दिला गेला. म्हणून त्याच दिवशी विनंती करा : आज जागेवर काय आहे, हे हुकुमात लिहा किंवा कमिशनर पाठवा.

कब्जाचा मुद्दा फार मोठा आहे. आपल्यापैकी अनेकांची मालकी कागदावर कच्ची आहे. त्यांनी घाबरून जाऊ नये. डिसेंबर २००३ मधील रामे गौडा प्रकरणात शेजारी-शेजारी जमिनींचा वाद होता. वादीची मालकी सिद्ध झाली नाही, तरी त्याचा स्थिर कब्जा होता. सर्वोच्च न्यायालयाने त्या कब्जाला संरक्षण दिले. मालकालाही कायदा हातात घेऊन कोणाला हुसकता येत नाही. पण कब्जाच्या नावाखाली खोटेपणाही चालत नाही. २०१२ साली गोव्यातील एका बहीण-भावाच्या घराच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की राखणदार म्हणून किंवा मेहेरबानीने राहणाऱ्याला कितीही वर्षे राहिले तरी हक्क मिळत नाही, आणि कब्जा सांगणाऱ्याने तो कधीपासून, कसा, कोणाकडून मिळाला हे तपशिलाने मांडले पाहिजे. आपण गावी जाताना घर नातेवाइकाला सांभाळायला देतो. देताना साध्या कागदावर दोन ओळी लिहून सही घ्या. नाते तुटत नाही, उलट टिकते.

एक सूचना वकिलांकडे आवर्जून करावी. समोरचा आपल्या मालकीवरच गंभीर शंका घेत असेल, तर नुसता मनाईचा दावा पुरत नाही. २००८ च्या अनाथुला सुधाकर निकालाप्रमाणे अशा वेळी मालकी जाहीर करून मिळण्याची मागणीही करावी लागते. कोर्ट फी वाचवण्यासाठी ती टाळली, तर पुढे सगळा दावाच लंगडा पडतो.

आता गावाकडच्या बांधाबद्दल थोडक्यात. आपण इथे, शेत तिकडे. बांध दरवर्षी नांगराच्या एका तासाने सरकतो. तिथे दिवाणी दाव्याखेरीज मामलेदार कोर्ट कायदा, १९०६ आहे. तो जुन्या मुंबई इलाख्याचा, म्हणून महाराष्ट्र आणि गुजरात दोन्हीकडे लागू. बेकायदा कब्जा गेला, वाट अडवली, पाणी अडवले, तर सहा महिन्यांच्या आत तहसीलदाराकडे अर्ज करता येतो. त्या हुकुमावर अपील नाही, जिल्हाधिकाऱ्याकडे फेरतपासणी होते. तसेच विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ६ खाली कब्जा परत मिळवण्याचा दावाही सहा महिन्यांतच करायचा. सहा महिने हा आकडा घरच्या कॅलेंडरवर लिहून ठेवा. दिवाळीला गावी गेल्यावर बांध पाहिला आणि पुढच्या दिवाळीला वकील पाहिला, तर ही दोन्ही दारे बंद झालेली असतात.

काही अफवाही दूर करू. पहिली अफवा : "स्टे सहा महिन्यांनी आपोआप उठतो." मार्च २०१८ मध्ये एशियन रिसर्फेसिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने वाढवून न घेतलेली स्थगिती सहा महिन्यांनी संपेल, असे म्हटले होते. पण २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने ते रद्द केले. सहा महिने झाले म्हणून कोणी बांधकाम सुरू केले, तर तो हुकूम मोडल्याचा दोषी ठरेल. नियम २-अ खाली मालमत्ता जप्त होऊ शकते आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. हुकूम चुकीचा आहे असे वाटले तरी उठेपर्यंत तो पाळायचाच.

दुसरी अफवा : "एका रात्रीत भिंत उभी केली की कोर्ट काही करत नाही." हेही खरे नाही. १९९० साली मुंबईच्या दोराब कावसजी वॉर्डन प्रकरणात घराचा अर्धा हिस्सा परक्यांना विकला गेला होता. त्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की वाद उद्भवण्यापूर्वीची शेवटची निर्विवाद स्थिती परत आणण्यासाठी तात्पुरता हुकूमही देता येतो. त्यासाठी बाजू अधिक बळकट लागते, एवढेच. रातोरात बांधणाऱ्याला स्वतःच्या खर्चाने पाडावेही लागू शकते.

तिसरी अफवा : "खोटा स्टे आणला तर त्याचे काय बिघडते?" संहितेच्या कलम ९५ प्रमाणे पुरेसे कारण नसताना मनाई मिळवली, तर कोर्ट पन्नास हजार रुपयांपर्यंत भरपाई द्यायला लावू शकते. मागणारे फार कमी आहेत, म्हणून खोट्यांचे धाडस वाढते. मागितले पाहिजे.

दावा येणार अशी कुणकुण लागली असेल, तर कलम १४८-अ खाली कॅव्हेट दाखल करा. ते नव्वद दिवस चालते आणि त्या काळात आपल्याला कळवल्याशिवाय अर्जावर सुनावणी होऊ नये, असा त्याचा हेतू आहे. नव्वद दिवसांनी पुन्हा दाखल करावे लागते. आपल्या नावावर दावा पडला आहे काय, हे आता ई-कोर्टच्या संकेतस्थळावर नावाने शोधता येते. घरातल्या शिकलेल्या मुलामुलींना हे काम द्या.

पैशाचे काय, असे बहिणी विचारतील. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे महिलांना, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना आणि औद्योगिक कामगारांना वकील मोफत मिळतो. लूमवरच्या कामगाराने आपण औद्योगिक कामगार आहोत हे तिथे ठासून सांगावे. हा हक्क आहे, दान नाही. आणि शेजाऱ्याशी समेट होत असेल तर तो लोकअदालतीत लिहून घ्या. तिथला निवाडा डिक्रीसारखा असतो आणि त्यावर अपील नाही. ज्या शेजाऱ्याकडे आपण गणपतीचा प्रसाद पाठवतो, त्याच्याशी मोजणी नकाशा समोर ठेवून बसता आले तर कोर्टाचे तोंड पाहायची वेळ कशाला यावी?

शेवटी राजकारणाचे बोलू, कारण हे पत्रक राजकीय आहे आणि हा प्रश्नही राजकीय आहे. दर निवडणुकीत आपल्याकडे मते मागायला येतात, रस्ता आणि गटारीचे आश्वासन देतात. आम्ही म्हणतो, यापुढे आणखी चार गोष्टी विचारा. आमच्या सोसायट्यांची अधिकृत मोजणी करून प्रत्येक घराचे प्रॉपर्टी कार्ड कधी देणार? टी. पी. स्कीममधल्या अंतिम खंडांच्या हद्दीच्या खुणा जागेवर कधी रोवणार? मोजणी खात्यात माणसे पुरेशी आहेत काय? आणि दिवाणी कोर्टांतील न्यायाधीशांच्या रिकाम्या जागा भरण्यासाठी तुम्ही काय केले? तीस दिवसांचा नियम कायद्यात १९७६ पासून आहे. तो पाळायचा तर खुर्चीवर न्यायाधीश हवा आणि जागेवर मोजणीदार हवा. हे आपले काम नाही, सरकारचे आहे; पण विचारणे आपले काम आहे.

तोवर प्रत्येकाने एक फाईल करा. साठेखत, कब्जा रसीद, घरपट्टी, लाइट बिल, बांधकामाच्या वेळचे फोटो, चारही बाजूंची मापे. ती पत्नीला किंवा मुलीलाही कुठे आहे ते माहीत असू द्या, कारण बेलीफ बहुधा आपण पाळीवर असतानाच येतो. ज्यांच्या दारात आज कागद आला आहे त्यांनी सभा संपल्यावर समितीच्या टेबलाजवळ थांबावे. कागदावरची तारीख आधी पाहू, बाकीचे नंतर बोलू.

जय महाराष्ट्र, जय गुजरात!